बहिणीच्या हातचा चहा

माझ्या धाकट्या बहिणीच्या हातचा चहा मी बरेच दिवस पीत नव्हते. पीत नव्हते म्हणजे काय, ती स्वयंपाकघरात शिरली तरी माझी नजर तिच्या हातांवरून हलायची नाही. आम्हा दोघींना एकमेकींशिवाय रक्ताचं कुणी नाही. आईवडील गेले, भाऊ नाही, मी लग्न केलं नाही. म्हणजे तिच्या हातचं तोडलं की मला जगात कुणाच्याच हातचं उरत नव्हतं. हे कसं झालं आणि त्यातून मी कितपत बाहेर आले, ते सांगते. मधेच कुणी 'अरेरे' करायचं नाही. मला कीव सोसत नाही, आधीच सांगून ठेवते.

नोकरी माझी बसस्टँडवरची, चौकशीच्या खिडकीतली. सकाळपासून लोक त्या खिडकीत तोंड घालून विचारायचे, हरसूल कधी, येवल्याची गाडी लागली का, सुरगाण्याला थेट आहे की पेठला बदलायची. गाड्यांच्या वेळा मला तोंडपाठ होत्या. माणूस खिडकीपाशी यायच्या आधी त्याच्या पिशवीवरून मी ओळखायचे, हा कुठे जाणार. तोंडाचा पट्टाही जोरात चालायचा. माईकवरून मी एखाद्या ड्रायव्हरला झापलं की अख्खा स्टँड ऐकायचा. लोक चिडायचे, मी त्यांच्याहून जास्त चिडायचे, आणि संध्याकाळी घरी जाताना अंगात एक बरा थकवा असायचा.

रिटायर झाले आणि एकदम सगळं बंद. देवळाली कॅम्पात माझं भाड्याचं बैठं घर आहे, दोन खोल्यांचं. पुढची खोली, मागे स्वयंपाकघर, मधे पडदा. तिकडे लष्कराचा तोफांचा सराव सुरू झाला की माझ्या मांडणीवरची भांडी किणकिणतात. नवा पाहुणा दचकतो, आम्हाला काही वाटत नाही. पण रिटायर झाल्यावर असे दिवस जायला लागले, की दिवसभरात कानावर आलेला आवाज म्हणजे त्या भांड्यांचा. दूधवाल्याशी दोन शब्द व्हायचे, तर तोही पिशवी दाराच्या कडीला अडकवून जायला लागला. कधीकधी मी मुद्दाम मोठ्याने बोलून बघायचे, घसा चालतोय का म्हणून.

आधी झोप गेली. मग दुपारीसुद्धा डोळा लागेना. डोकं रिकामं आणि तापलेलं, तव्यासारखं.

शेजारच्या घरात एका जवानाची बायको राहायला आली होती. साताऱ्याकडची, गोरीघारी, हसरी. नवरा सारखा ड्युटीवर. मला 'मावशी' म्हणायची. एकदा पूजेचा शिरा वाटीत घालून घेऊन आली. मी खाल्ला आणि मला तो कडवट लागला. वेलदोडा जुना असेल, तूप जरा करपलं असेल, काहीही असेल. पण त्याच आठवड्यात आम्हा दोघींचा घरमालक तिच्या दारात उभा राहून तिच्याशी बोलताना दिसला, आणि बोलता बोलता त्याने माझ्या घराकडे हात केला. नंतर भिंतीपलीकडून फोनवर ती म्हणताना ऐकू आली, 'एकट्याच असतात हो त्या.' माझ्या मनात पाल चुकचुकली.

मला तुम्ही वेडी म्हणायच्या आधी एक लक्षात घ्या. मी आयुष्यभर एका गाडीला दुसरी गाडी जोडून दिली. इथून अमक्या वेळेला निघा, तिथे उतरा, समोर तमकी उभी असेल. तेच डोकं आता घरात रिकामं बसलं होतं आणि सापडेल ते सापडेल त्याला जोडत होतं. कडू शिरा, मालकाचा हात, 'एकट्याच असतात.' मालकाला खोली रिकामी करून हवी आहे, हिला ती मिळणार आहे, आणि म्हणून मला हळूहळू काहीतरी चारलं जातंय. एकदा ही जोडणी बसली की पुढचं आपोआप बसत गेलं. डोकं दुखलं, त्याचंच. पायात गोळे आले, त्याचंच. ती हसली तर माझ्यावर हसली, आणि हसली नाही तर घाबरली म्हणून हसली नाही.

मी दुधाच्या पिशवीचे कोपरे उजेडात धरून बघायला लागले, सुईचं भोक दिसतंय का. मग मला मुंग्यांची युक्ती सुचली. स्वयंपाकघराच्या खिडकीखाली काळ्या मुंग्यांची रांग असायची. जे काही खायचं असेल त्यातलं चिमूटभर त्यांच्या वाटेत ठेवायचं आणि स्टूल घेऊन बसायचं. त्या आल्या, लगटल्या, घेऊन चालायला लागल्या, तर मग मी खाणार. वळसा घालून गेल्या तर सगळं मोरीत. माझं वरण गार व्हायचं, भाताची ढेकळं व्हायची. पण काय सांगू, त्या स्टुलावर बसून मी मुंग्यांशी बोलायचे. खा गं बायांनो, बघा कसं झालंय. दिवसभरातलं माझं बोलणं तेवढंच.

त्या शेजारणीची वाटी मी परत दिली नाही. वाटी रिकामी परत करायची नसते, आणि तिला द्यायला माझ्याकडे काय होतं? संशय.

माझी बहीण नाशिकात राहते, इंदिरानगरला. तिला कुठूनसा नंबर मिळवून शेजारणीनेच फोन केला, मावशी बारीक झाल्यात, दार उघडत नाहीत. बहीण आली, मला बघितलं आणि मटकन खाली बसली. मग तिचं येणं रोजचं झालं. आपलं घर, नवरा, सासू, सगळं आवरून दोन गाड्या बदलून यायची, डबा आणायची, इथे येऊन चहा करायची. आणि तिच्या हातचं मी मुंग्यांना दाखवत नव्हते. ते एवढं एकच अन्न होतं, जे मी डोळे मिटून खायचे.

तिने मला डॉक्टरकडे चल म्हणून सांगितलं. मी म्हटलं, विष घालणारी शेजारीण मोकाट आणि तपासायचं मला? तिच्या सासूने बाहेरची बाधा म्हणून सांगितलं, शांती करून घ्या म्हणाली. ते मी उडवून लावलं. तिच्या नवऱ्याने समजूत घातली, पुरावा काय म्हणून विचारलं, मी त्याच्यापुढे पुरावेच पुरावे मांडले, त्यानेच हात टेकले. वाद घालायला माझ्याशी कुणी येऊ नये. मी खिडकीत जन्म घालवलाय.

पुढे काही दिवसांनी मला झोप लागायला लागली. गाढ लागायची. सकाळी जीभ जड, पण डोक्यातली ती तापलेली तार जरा सैल झाल्यासारखी. शेजारणीच्या बांगड्या वाजल्या तरी छातीत धस्स होईना. मी बहिणीला म्हटलंसुद्धा, तुझ्या हाताला गुण आहे बाई. ती हसली नाही. चटकन कप उचलून आत गेली.

मग तो दिवस. ती चहा करत होती. मधल्या पडद्याची एक कड खिळ्यात अडकून राहिली होती आणि त्या फटीतून मला तिची पाठ आणि उजवा हात दिसला. हातात छोटी बाटली. माझ्या कपावर ती बाटली तिरकी धरून ती थेंब सोडत होती आणि ओठ हलवत मोजत होती.

मी पडदा ओढला. ओरडले नाही. मलाच माझ्या आवाजाचं नवल वाटलं.

"काय घातलंस?"

तिचा चेहरा पांढराफटक पडला. "औषध आहे, ताई. तुझ्या भल्यासाठीच."

आता सांगा मला, विष घालणारा दुसरं काय म्हणेल? ती रडत रडत सांगत होती. कुठल्याशा डॉक्टरकडे ती एकटीच जाऊन आली होती, पेशंट यायला तयार नाही असं तिने सांगितल्यावर त्यांनी थेंब लिहून दिले. वास नाही, चव नाही, चहात घाला, कळणार नाही. घरोघरी असंच करतात म्हणाली. दारू सोडवायला असंच करतात, डोक्याला असंच करतात, तू गोळी हातात घेतली नसतीस, मग मी काय करू? यातलं काहीएक माझ्या डोक्यात शिरत नव्हतं. मला एवढंच दिसत होतं की इतके दिवस मी म्हणत होते, कुणीतरी माझ्या अन्नात काहीतरी घालतंय, आणि सगळे म्हणत होते, नाही गं, भास आहे. आणि घालणारी ही! जिच्या हातचं मी मुंग्यांना दाखवलं नाही, ती.

मी तिला बाहेर काढलं. तिच्याकडची घराची किल्ली काढून घेतली. ती बराच वेळ बाहेरच्या ओट्यावर बसून होती. मी दाराला आतून पाठ लावून उभी होते. मधे फक्त फळी होती आणि तिचे हुंदकेही ऐकू येत होते, पण माझा हात कडीकडे गेला नाही.

त्यानंतरच्या महिन्यांबद्दल काय सांगू. तसं एकटं कुणी असू नये, माझ्या वैऱ्यानेसुद्धा, आणि तेव्हा माझ्या हिशेबाने सगळेच वैरी होते. थेंब बंद झाले, झोप पुन्हा गेली, आणि शंका दुप्पट होऊन परत आली. कॅम्पातल्या दुकानांवर माझा भरवसा उरला नाही. दुकानदार मला ओळखत होते, म्हणजे त्यांना सांगून ठेवलेलं असणार. मग माझं ते गाड्यांचं ज्ञान कामाला आलं. जिथे मला कुणी ओळखत नाही तिथून खायला आणायचं, आणि एकाच ठिकाणी लागोपाठ जायचं नाही. भाजीला हरसूलच्या बाजारात, फुटाणे-शेंगदाण्याला येवल्याला, केळी घ्यायला आणखी तिसरीकडे. गाडीत मी खिडकीपाशी पिशवी मांडीवर दाबून बसायचे. पूर्वी माझ्या आवाजावर ज्या गाड्या हलायच्या, त्याच गाड्यांतून मी चोरासारखी फिरत होते. ओळखीचा एखादा कंडक्टर म्हणायचा, बाई, इकडे कुठे? मी सांगायचे, नातेवाईक आहेत. कसले नातेवाईक! जाताना अनोळखी लोक, येताना अनोळखी लोक, आणि घरी मुंग्या.

बहीण यायची. दारापुढे डबा ठेवायची, हाक मारायची, थांबायची, जायची. डबा मी उघडलाही नाही. मधे शेजारणीच्या नवऱ्याची बदली झाली. ट्रकमध्ये सामान चढत होतं तेव्हा तिने माझं दार वाजवलं, 'मावशी, येते हां' म्हणाली. मी खिडकीच्या फटीतून बघत राहिले. वाटी माझ्या मांडणीवरच राहिली. ट्रक गेला. जिला माझी खोली हवी होती ती खोली न घेताच निघून गेली, हे काही तेव्हा माझ्या ध्यानात आलं नाही. डोक्याने लगेच नवी गाडी जोडली, काम दुसऱ्याकडे सोपवून गेली असणार.

हरसूलच्या बाजारात एका दुपारी मी पडले. ऊन होतं आणि पोटात काही नव्हतं, कारण मुंग्यांनीही त्या दिवशी नखरे केले होते. डोळे उघडले तेव्हा माझं डोकं एका भाजीवालीच्या मांडीवर होतं. अंगावर गोंदण, हाताला माती. ती तिच्या बाटलीतलं पाणी माझ्या तोंडात घालत होती आणि मी ते गटागट पीत होते. "आईस, खाल्लं नाय का काय तू?" ती म्हणाली, आईला हाक मारावी तशी. तिचं पाणी संपल्यावर मला आठवलं की मी तपासलं नाही.

लोकांनी मला तिथल्या सरकारी दवाखान्यात नेलं. सलाइन लावलं. डॉक्टर तरुण होता, थकलेला, पण त्याने एक गोष्ट केली. नर्सला थांबवून त्याने बाटलीवरचं नाव मला वाचून दाखवलं, आत काय आहे ते सांगितलं आणि विचारलं, लावू का? मला विचारलं. किती दिवसांनी कुणीतरी माझ्या अंगात काही घालायच्या आधी मला विचारत होतं. मी त्याला सगळं सांगितलं, शिरा, मालक, थेंब, सगळं. तो हसला नाही आणि मान डोलावून हो हो पण केलं नाही. म्हणाला, इतकी भीती घेऊन तुम्ही एकट्या राहताय, हे फार कठीण आहे. खरं काय ते मला इथे बसून सांगता यायचं नाही, पण या भीतीवर इलाज होतो. मग विचारलं, घरी कुणाला कळवू? सांगायला एकच नंबर होता. तोच पाठ होता.

बहीण आली. परतीच्या गाडीत दोघी शेजारी बसलो. तिने फक्त एकदा माझ्या खांद्यावरचा पदर सारखा केला.

पुढे नाशिकच्या मोठ्या दवाखान्यात जाणं सुरू झालं. गोळ्या सुरू झाल्या, पण त्या पाकिटासकट माझ्या हातात. मी स्वतः फोडायचे, स्वतः गिळायचे. त्या गोळ्यांनी तोंड कोरडं पडायचं, वजन वाढलं, सकाळी अंग उठायला नको म्हणायचं. त्यावरून मी डॉक्टरांशी भांडलेसुद्धा, आणि त्यांनी ऐकून गोळी बदलून दिली. औषधावरून भांडता येतं, हेच मला औषधासारखं लागू पडलं. तिथे एक समुपदेशक बाई होत्या. बाई कसल्या, पोरगीच, पण मी मॅडम म्हणायचे. मला वाटलं, ही आता मला पटवून देणार की सगळा भास आहे. मी तयारीतच गेले होते, बाह्या सरसावून.

तिने तो विषयच काढला नाही. विचारलं, ही भीती उद्या नसेल तर तुम्हाला काय करावंसं वाटेल? असं मला कुणी विचारलंच नव्हतं. तोंडातून निघालं, बहिणीने केलेला चहा प्यायचाय, न बघता. आणि मला रडू फुटलं. मी, जिने स्टँडवरच्या दादा लोकांना रडवलं होतं.

मग तिने हळूहळू मागचं विचारलं. एकदा विचारलं, खरोखर कुणी तुमच्या खाण्यात काही घातलं होतं का कधी, पूर्वी? मी नाही म्हणणार होते. आणि मग आठवलं. नोकरीच्या सुरुवातीला, जिल्ह्यातल्या एका स्टँडवर मी एकटी बाई होते. पोरगेलेसे सहकारी, त्यांनी एकदा माझ्या चहात जमालगोटा घातला. दिवसभर माझे हाल झाले, आणि ते खिडकीमागे उभे राहून खिदळत होते, मेले. मी कुणाला सांगितलं नाही. सांगून काय, आणखी हसले असते. त्या दिवसापासून मी तोंडाचा पट्टा चालवायला शिकले. पण स्टँडवरचा चहा पुन्हा कधी प्यायले नाही, इतकी वर्षं, आणि हे माझं मलाच कधी लक्षात आलं नव्हतं. मॅडम म्हणाल्या, तुमची भीती आभाळातून पडलेली नाही. तिला मूळ आहे. त्यात झोप नाही, माणूस नाही, आणि दिवसभर तोच विचार, मग ती वाढणारच. मला फार बरं वाटलं. वेडाला निदान पत्ता तरी मिळाला.

काळजीला तिने दुपारची वेळ ठरवून दिली. तेवढ्या वेळात बसून हवी तेवढी काळजी करायची, एरवी आली तर तिला सांगायचं, दुपारी ये. मी म्हटलं, हे तर चौकशीच्या खिडकीसारखं झालं. म्हणाली, करा ना मग तसंच. केलं. पहिले काही दिवस काळज्यांनी रांगा मोडल्या. मग लागल्या वळणावर.

खरी गोम मुंग्यांची होती. मॅडमनी विचारलं, मुंग्यांनी खाल्लेलं तुम्ही खाल्लं आणि तुम्हाला काही झालं नाही, तर त्यावरून तुम्ही काय समजता? मी म्हटलं, मुंग्यांमुळे वाचले. म्हणाली, आणि मुंग्या नसत्या तर? मला माहीत नव्हतं. इतके दिवस मी रोज वाचत होते आणि रोज त्याचं श्रेय मुंग्यांना देत होते. कुणी मारायला टपलेलं होतं की नव्हतंच, हे कळायला मी जागाच ठेवली नव्हती.

तर एकेक करून सोडायचं ठरलं. आधी बंद पुड्यातलं बिस्किट, मुंग्यांना न दाखवता. मग कॅम्पातल्या ओळखीच्या दुकानातून साखर. मग स्टँडवरच्या टपरीचा चहा, आणि तो मी स्टँडवर सगळ्यांच्या देखत प्यायले, अर्धा बशीत सांडला. काही झालं नाही. नंतर पुन्हा प्यायले, तेव्हाही काही झालं नाही. शंका गेली असं नाही हो. ती यायची, शेजारी बसायची. फक्त मी तिच्यासाठी उठून उभं राहणं थांबवलं.

राहिली बहीण. इथे गाडी अडून बसली होती.

ती दर आठवड्याला यायची. आली की पहिल्यांदा मधल्या पडद्याला गाठ मारून तो वर खोचायची, मला गॅस नीट दिसावा म्हणून. मग प्रत्येक डबा उघडून माझ्याकडे तिरका करायची, ही चहापत्ती, ही साखर. सांगितलं नव्हतं मी. दोघींचा चहा एकाच पातेल्यात, आणि कप समोर आणून ठेवला की आधी माझ्या कपातला एक घोट स्वतः प्यायची. आमच्या आईच्या घरात उष्टं म्हणजे केवढं होतं! आमटीत बुडवलेला चमचा तोंडाला लागला तर आख्खं पातेलं गाईला जायचं. ही बहीण लहानपणी माझ्या पेल्यातलं पाणी पीत नसे, नाक मुरडायची. तीच आता माझा चहा उष्टा करून माझ्यापुढे ठेवत होती, आणि मान खाली घालून बसत होती.

आणि मी तोही पीत नव्हते. डोकं सांगायचं, हिने आधीच उतारा घेतलाय. घोट नुसता तोंडात धरलाय, गिळला नाही. चहावर साय धरायची. ती दोन्ही कप विसळून ठेवायची आणि तिची गाडी पकडायला निघून जायची. ती गेली की तो ओला कप बघून मला माझाच राग यायचा, तिचाही यायचा, कुणाकुणाचा म्हणून सांगू. तिने कधी माफी मागितली नाही. आमच्यात ती पद्धत नाही. मला वाटतं, तो एक घोट हीच तिची माफी होती.

थंडीचे दिवस होते. दुपारची वेळ, सकाळपासून तोफांचा सराव चालू होता, भांडी किणकिणत होती. बहीण आली, चपला काढल्या आणि नेहमीसारखी पडद्याला गाठ मारायला गेली. मी म्हटलं, राहू दे. ती थांबली. मी उठले, पडदा सोडला, ओढून पुरता बंद केला आणि पुढच्या खोलीत येऊन दाराकडे तोंड करून बसले.

"आत जा, चहा कर. मी इथे बसते."

पडदा हलला. गॅस पेटल्याचं ऐकू आलं, पातेलं ठेवल्याचं, आलं ठेचल्याचं. मग काहीच ऐकू येईना. ती शांतता मी कशी काढली ते माझं मला माहीत. आत्ता बाटली काढली असेल. आत्ता ओठ हलत असतील. पाय आपोआप उठायला बघत होते. मी खुर्चीचे हात धरून बसले आणि स्वतःशी म्हणत राहिले, दुपारी ये, दुपारी ये. दुपारच होती.

ती कप घेऊन आली. डोळे लाल. माझ्यापुढे वाकली आणि सवयीने माझा कप आपल्या तोंडाला लावायला निघाली. मी तिचं मनगट धरलं.

"उष्टा करू नकोस," मी म्हटलं.

कप मी घेतला आणि प्यायले. एक घोट, मग दुसरा. गरम होता, आलं चांगलं उतरलं होतं आणि साखरेचा पत्ता नव्हता. आत रडण्याच्या नादात बाईसाहेब साखर घालायलाच विसरल्या होत्या. मी तोंड वाकडं केलं. ते बघून तिचा जीवच उडाला, चेहरा तसाच पांढरा पडला, त्या दिवशी पडला होता तसा.

"अगं, साखर विसरलीस," मी म्हटलं.

ती धावत आत गेली आणि साखर घेऊन आली. वर लागणारी साखर मी त्या शेजारणीच्या वाटीत ठेवते, वाटी रिकामी राहू नये म्हणून. तिने वाटी आणि चमचा माझ्या हातापाशी ठेवला आणि हात मागे घेतला, माझी मी घालून घ्यावी म्हणून. माझ्या कपात ती आता आपल्या हाताने काहीच घालत नव्हती.

मी वाटीला हात लावला नाही. कप तिच्यापुढे सरकवला.

"तूच घाल," म्हटलं.

तिने दोन चमचे साखर घातली आणि कितीतरी वेळ ढवळत बसली.